अंतोन गीसिंक: टोकियोत जपानला दाबून धरणारा डच गडी

तांबडी माती

आमचे आप्पा तालमीतले. गाव कराडजवळचं, खाशाबांचं गोळेश्वर सायकलच्या टप्प्यात. त्यामुळे लहानपणी ऑलिंपिक म्हटलं की हेलसिंकी, १९५२ आणि ब्राँझ, एवढंच डोक्यात. त्याच्या जोडीला आप्पा आणखी एक गोष्ट हमखास सांगायचे. "गीसिंक म्हणून एक डच पैलवान होता. साडेसहा फूट. जपानात जाऊन त्यांच्याच खेळात त्यांचा एक नंबरचा गडी उचलला न् आपटला. अख्खा जपान रडला." सांगताना 'उचलला'ला धाकट्या भावाला कमरेत धरून खरंच वर घ्यायचे आणि 'आपटला'ला गादीवर टाकायचे. भाऊ दर वेळी हसायचा, आई दर वेळी ओरडायची.

पुढे नोकरीसाठी पुण्यात आलो, ज्युदोच्या क्लासला लागलो, तपकिरी पट्ट्यापर्यंत पोचलो आणि गुडघा गेला. घरी पाय वर ठेवून पडलो असताना त्या सामन्याचं कृष्णधवल चित्रण पहिल्यांदा नीट पाहिलं. तर त्यात उचलणंही नाही आणि आपटणंही नाही! तेव्हापासून हा माणूस डोक्यात बसलाय, आज लिहून मोकळा होतो.

जन्म १९३४, उत्रेख्त. घरची गरिबी, शाळा लवकर सुटली, बांधकामावर मजुरी. चौदाव्या वर्षी ज्युदो पाहिला आणि त्याचाच झाला. उंची १ मीटर ९८, भरात असताना वजन १२० किलोच्या घरात. १९५२ मध्ये पहिलं युरोपीय विजेतेपद, आणि १९६७ मध्ये थांबला तेव्हा अशी २१ विजेतेपदं नावावर (एकाच वर्षी दोन-दोन गटांतली धरून). मधल्या काळात ग्रीको-रोमन कुस्तीतही देशाचा विजेता. १९६० च्या रोम ऑलिंपिकला कुस्तीसाठी जायचा, पण ज्युदो शिकवून पैसे घेतो म्हणजे हा व्यावसायिक, असं म्हणून अडवला.

आता मुद्द्याचं. युरोपात त्या काळी दांडगे गडी कमी नव्हते. गीसिंकचं वेगळेपण हे की आपण दांडगे आहोत एवढ्यावर तो थांबला नाही. १९५५ च्या सुमारास हाकू मिचिगामी हे जपानी गुरू डच खेळाडूंना शिकवू लागले. ते राहायचे फ्रान्समध्ये, बोर्दोला. १९५६ ला टोकियोत पहिली जागतिक स्पर्धा झाली, त्यात गीसिंकला ब्राँझ. पण त्यानंतर तो पुन्हा पुन्हा जपानला जात राहिला, तेंरी विद्यापीठात यासुइची मात्सुमोतो यांच्या हाताखाली. मात्सुमोतो म्हणजे १९४८ चे अखिल जपान विजेते. तिथे रोज नव्या दमाची पोरं अंगावर घ्यायची आणि ज्युदोत जिला 'कुझुशी' म्हणतात ती शिकायची, म्हणजे समोरच्याचा तोल आधी मोडायचा आणि मग डाव. उंच माणसाला हे जड जातं. वाकून पकड घ्यावी तर आपलाच तोल पुढे जातो.

१९६१, पॅरिस. जागतिक स्पर्धेत तेव्हा वजनगटच नव्हते, सगळे एकाच कढईत. गीसिंकनं कमिनागा, कोगा आणि अंतिम फेरीत आधीचा जगज्जेता कोजी सोने, असे तीन जपानी ओळीनं काढले. जपानबाहेरचा पहिला जगज्जेता. जपानमध्ये काय झालं असेल, कल्पना करा. तीन वर्षांवर टोकियो ऑलिंपिक, त्यात ज्युदो पहिल्यांदाच, तोही यजमानांच्या हौसेनं घेतलेला, आणि त्याच्यासाठी नवी कोरी बुदोकान इमारत.

टोकियोत चार गट ठेवले: ६८ किलोपर्यंत, ८० किलोपर्यंत, ८० च्या वर आणि खुला. पहिली तीन सुवर्णं जपानचीच. नाकातानी, ओकानो, इनोकुमा. पण लोकांचं लक्ष चौथ्यावर, कारण कोणी कितीही वजनाचा या, हाच जुना, खरा ज्युदो. २३ ऑक्टोबर १९६४. गीसिंकसमोर अकिओ कमिनागा. दोघांची प्राथमिक फेरीतही गाठ पडली होती, तीही गीसिंकनंच जिंकली होती. कमिनागा मागच्या दारानं, म्हणजे हरलेल्यांच्या फेरीतून पुन्हा वर आला होता.

अंतिम सामना पाहताना आधी कंटाळा येतो, खरं सांगतो. दोघं गोल फिरतायत, बाही धरतायत, सोडतायत. गीसिंक पाय पुढे घालून अंदाज घेतोय, घाई अजिबात नाही. नऊ मिनिटांच्या आसपास कमिनागानं डाव टाकला. तो अर्धवट राहिला, आणि दोघं खाली जाईपर्यंत गीसिंक त्याच्या छातीवर आडवा पसरलेला. काखेत हात, दुसऱ्या हाताच्या कवेत मान. केसा-गातामे. क्लासला पहिल्या आठवड्यात शिकवतात ती पकड! तेव्हाच्या नियमानं तीस सेकंद धरून ठेवली की पूर्ण गुण. कमिनागाचे पाय हवेत हलताना दिसतात, मग हलायचे कमी होतात. ९ मिनिटं २२ सेकंदांवर खेळ खलास.

आणि लगेच काही डच मंडळी आनंदानं आखाड्याकडे धावली. गीसिंक अजून पुरता उठलेलाही नाही, त्यानं तळहात पुढे करून त्यांना जागच्या जागी थांबवलं. मग उभा राहिला, कपडे नीट केले, वाकून नमस्कार. यावर जगभर खूप गोडगोड लिहिलं गेलंय, मी भर घालत नाही. मला त्या हातापेक्षा आधीची तीस सेकंदं जास्त आवडतात.

१९६५ ला रिओमध्ये ८० किलोवरील गटात पुन्हा जगज्जेता. १९६८ ला मेक्सिकोत ज्युदोच नव्हता, त्यामुळे ऑलिंपिक पदक राखायचा प्रश्न आला नाही. २०१० मध्ये उत्रेख्तलाच गेला.

आप्पा गेले त्याला बरीच वर्षं झाली. त्यांना तो सामना दाखवायचा राहून गेला. दाखवला असता तर म्हणाले असते, "ह्यात कुस्ती कुठाय?"

कागलकर वस्ताद

लई झ्याक लिवलंय. एक इचारतो. आमच्याकडं पाठ टेकली की निकाल. हितं पाठ टेकून वर तीस सेकंद दिल्यात म्हंजी सुटायला रग्गड टाईम. मग त्या कमिनागानं मानंचा पूल टाकून पलटी का न्हाई मारली? आमच्या तालमीतलं बारकं पोरगंबी पूल टाकतंय.

तांबडी माती

वस्ताद, मलाही आधी हेच वाटायचं. पहिल्या आठवड्यात सरांनी मला केसा-गातामेत धरलं, मी म्हटलं तालमीतला आहे, टाकतो पूल. टाकलाच नाही गेला. कारण असं की मातीत समोरचा पोटावर असतो, वजन मधोमध. इथे तो बगलेला बसतो, तुमचा उजवा हात त्याच्या काखेत लॉक, मान त्याच्या कवेत, आणि त्याची फासळी तुमच्या फासळीवर. पूल टाकायला मान मोकळी लागते, तीच गेलेली. तुम्ही डावीकडे उसळी घ्यायला गेलात की तो पाय फाकवून तिकडेच टेकू लावतो. सुटायचे उपाय आहेत, त्याच्या पायाला आपल्या पायांची कात्री घालणं किंवा कोपर खेचून आतल्या अंगाला वळणं. पण ते पहिल्या तीन-चार सेकंदांत. नंतर छातीवरचं ओझं श्वास आत घेऊ देत नाही. माझ्यावर सत्तर किलोचे सर होते आणि मला घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती. कमिनागावर १२० किलो होते.

शंकासुर

लेख छान, पण मूळ गृहीतक पटलं नाही. १२० किलोचा, साडेसहा फुटी माणूस शंभर किलोच्या, पावणेसहा-सहा फुटी माणसाला हरवतो, यात शिकण्याचा काय संबंध? तुम्हीच म्हणताय ओझ्यानं श्वास गेला. तुमचे आप्पा बरोबरच सांगत होते, फक्त डावाचं नाव चुकलं. 'मऊपणानं कठीणपणाला जिंकावं' हे ज्युदोचं ब्रीद. त्या दिवशी कठीणच जिंकलं.

तांबडी माती

शंकासुर, मग १९५६ लाही तो तेवढाच उंच होता, तेव्हा ब्राँझच का? पाच वर्षांत उंची वाढली नाही, बाकी सगळं वाढलं. वजनाचा फायदा मिळाला हे मान्यच. पण नुसतं वजन घेऊन आलेले शेकडो लोक जपान्यांनी त्याआधी झोपवले होते. आणि नऊ मिनिटं तो त्या वजनाच्या मोहात पडला नाही, अंगावर गेला नाही, वाट पाहिली. हे तेंरीचं शिक्षण.

गंमत पाहा, ज्या मात्सुमोतोंकडे तो तेंरीत शिकला तेच १९६४ ला जपानी संघाचे प्रशिक्षक होते. म्हणजे त्या दिवशी बुदोकानमध्ये मास्तर एका बाजूला आणि विद्यार्थी दुसऱ्या बाजूला. मास्तरांच्या पोटात काय कालवलं असेल! हा प्रसंग आपल्याकडच्या कुठल्या तालमीत घडला असता तर त्यावर दोन पोवाडे झाले असते.

स्निग्धा_उत्रेख्त

योगायोग! मी सात वर्षं उत्रेख्तला राहते. आधी उच्चार. इथे 'ग' हा ग नसतोच, घशातून खरवडून काढलेला ख असतो, आणि दोन 'ई' मिळून 'ए' होतो. म्हणजे 'खेसिंक'. मी पहिल्यांदा 'गीसिंक' म्हटलं तेव्हा शेजारच्या आजोबांना कळलंच नाही मी कोणाबद्दल बोलतेय. कळल्यावर मात्र अर्धा तास सोडलं नाही.

शहरात त्याच्या नावाचा रस्ता आहे आणि तो स्वतः त्याच रस्त्यावर राहायचा. आपल्याच नावाचा पत्ता लिहायला कसं वाटत असेल कोण जाणे.

मुलगा सहा वर्षांचा झाल्यावर बाकीच्या आयांनी 'पोहणं आणि ज्युदो' असं एका दमात सांगितलं, जणू लसीकरणाचं वेळापत्रक. त्याच्या क्लबात लहानांना पूर्ण नवा पट्टा लगेच देत नाहीत, आधी पांढऱ्या पट्ट्याच्या टोकाला पिवळी पट्टी शिवायची. ती शिवायचं काम अर्थातच आईकडे. जाड कापड, दोन सुया मोडल्या. आणि पहिल्या महिन्यात फक्त पडायला शिकवलं, घरात सोफ्यावरून पडून पडून सराव.

शब्दवेल्हाळ

'केसा' शब्दावर कोणीच थांबलं नाही म्हणून थांबतो. ही केसा म्हणजे बौद्ध भिक्षूंचं एका खांद्यावरून तिरकं घेतलेलं वस्त्र. आणि तो जपानी शब्द आपल्याच 'काषाय'वरून चीनमार्गे तिकडे गेलेला. पकड छातीवरून तिरकी जाते, खांद्यावरच्या वस्त्रासारखी, म्हणून ते नाव. थोडक्यात, कमिनागाला गीसिंकनं काषाय नेसवलं.

कागलकर वस्ताद

ह्ये बेस! उद्या तालमीत पोरास्नी सांगतो, भगवी पकड म्हनून.

हॉकीवेडा

अवांतर: २३ ऑक्टोबर १९६४ ही तारीख वाचून खुर्चीतून उठलो. त्याच दिवशी, त्याच टोकियोत आपण हॉकीच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानला १-० नं हरवलं होतं. मोहिंदर लालचा गोल, आणि गोलात मराठा लाइट इन्फंट्रीचा शंकर लक्ष्मण, ज्यानं पाकिस्तानला शेवटपर्यंत आत येऊ दिलं नाही. रोमला गेलेलं सुवर्ण परत आलं. त्याच संध्याकाळी जपानच्या मुलींनी व्हॉलीबॉलमध्ये रशियाला हरवलं. म्हणजे जपाननं एकाच दिवसात रडूनही घेतलं आणि नाचूनही. लेखकाच्या आप्पांनी हॉकी सोडून ज्युदो कसा लक्षात ठेवला हे कोडंच आहे.

तांबडी माती

हॉकीवेडा, आप्पांना चेंडूचं वावडं होतं. "माणूस माणसाशी खेळला पाहिजे," म्हणायचे.

निळू फुलपाखरे

धाग्यात विम रुस्काचं नाव नाही म्हणजे लग्नात नवरा आहे आणि वरमाई नाही. आम्स्टरडॅमचा गडी, जन्म १९४०, नौदलात असताना वीस वर्षांचा झाल्यावर ज्युदो सुरू केला, म्हणजे आजच्या हिशोबानं म्हातारपणी. १९६७ आणि १९७१ ला ९३ किलोवरील गटात जगज्जेता. म्युनिक १९७२ ला हेवीवेटचं सुवर्ण आणि खुल्या गटाचंही. एकाच ऑलिंपिकमध्ये ज्युदोची दोन वैयक्तिक सुवर्णं घेणारा तो एकटाच. आता खुला गटच राहिला नाही, तेव्हा हा विक्रम कोणी मोडायचा प्रश्नच नाही.

खुल्या गटात सोव्हिएत कुझनेत्सोवनं त्याला आधीच्या फेरीत हरवलं होतं. रुस्का पुन्हा वर आला आणि अंतिम फेरीत त्याच कुझनेत्सोवला घेतलं. कमिनागाला जे साधलं नाही ते. पण तोवर म्युनिकमध्ये इस्रायली खेळाडूंचं हत्याकांड होऊन चारच दिवस झाले होते. दुसरं सुवर्ण साजरं करायच्या मनःस्थितीत कोण असणार? गीसिंकच्या एका सुवर्णाला जे वलय मिळालं ते रुस्काच्या दोनांना मिळालं नाही. पुढे पक्षाघात झाला, २०१५ ला गेला. मला विचाराल तर डाव टाकण्यात रुस्का जास्त आक्रमक, पाहायला जास्त मजा.

शंकासुर

निळूभाऊ, रुस्का १९७६ ला बुदोकानमध्येच जपानी व्यावसायिक कुस्तीगीर इनोकीशी पैशासाठी लढला, हेही लिहा की. त्याच वर्षी जूनमध्ये इनोकी महंमद अलीशी आणि डिसेंबरात कराचीत अक्रम पहिलवानाशी. आणि तुमचे गीसिंकसाहेबही १९७३ पासून पाच वर्षं जपानमध्ये व्यावसायिक कुस्तीच्या रिंगणात. तळहात दाखवून शिस्त शिकवणारा माणूस दोरांच्या रिंगणात तिकीट लावून! शिवाय १९८७ पासून आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचा सदस्य, आणि सॉल्ट लेक सिटीच्या यजमानपदाच्या लाच-प्रकरणात त्याच्या संस्थेला मिळालेल्या देणगीवरून १९९९ ला समितीनं ताकीद दिलेली. हे सगळं वगळून आरती ओवाळायची का?

तांबडी माती

वगळलं नव्हतं, प्रतिसादासाठी ठेवलं होतं असं म्हणू या. :) ताकीद मिळाली हे खरं, आणि ती योग्यच होती. रिंगणाबद्दल मात्र मी त्याला दोष देत नाही. मजुरी करून वर आलेला माणूस, सुवर्णपदकावर घर चालत नव्हतं. आपल्याकडे दारासिंग-किंगकाँगच्या लढतींना मुंबईत रांगा लावणारे कोण होते? जपान्यांनी तर त्याला रिंगणात पाहायला गर्दी केली, ज्याच्यामुळे रडले होते त्यालाच.

मेघना पाटणकर

निळ्या पोशाखाचं कोणी लिहिलं नाही? मी शाळेत असताना जिल्ह्यापर्यंत ज्युदो खेळले. तेव्हा आम्हाला दोघींनाही पांढरंच, एकीच्या कमरेला लाल फीत. लांबून पंचांनाच कळायचं नाही कोणाची पाठ टेकली, एकदा माझा गुण दुसरीला दिला होता. एक खेळाडू पांढऱ्यात आणि एक निळ्यात, ही कल्पना गीसिंकचीच. १९८० च्या दशकात मांडली तेव्हा जपाननं कडाडून विरोध केला. पांढरा म्हणजे शुद्धता, त्यात रंग कसला आणता? शेवटी १९९७ ला आंतरराष्ट्रीय महासंघानं निळा मान्य केला. त्याच वर्षी महासंघानं त्याला दहावा दान (काळ्या पट्ट्याच्या वरची श्रेणी) दिला, कोदोकाननं, म्हणजे ज्युदोच्या मूळ जपानी संस्थेनं, मात्र कधी मानला नाही.

बेळगावचा बाळू

मेघनाताई, अगदी आपल्याकडच्या माती-गादीच्या भांडणासारखं की हो हे. गादी आली तवा म्हातारे म्हणाले कुस्ती मेली. आता पोरं दोन्हीकडं खेळत्यात.

ओसाकाकर

उशिरा आलो. कमिनागाबद्दल थोडं. इथे जपानमध्ये त्याचं नाव निघालं की वयस्कर लोक आवाज खाली करतात. सेंदाईचा, तीनदा अखिल जपान विजेता. ऑलिंपिकनंतर डोळ्याच्या पडद्याला इजा होऊन लवकर थांबला. पण मेइजी विद्यापीठात शिकवत राहिला आणि त्याचा शिष्य हारुकी उएमुरा यानं १९७६ ला मॉन्ट्रियलला सुवर्ण घेतलं. कुठल्या गटात? खुल्या. १९६४ गीसिंक, १९७२ रुस्का, दोन्ही वेळा डचांकडे गेलेला गट बारा वर्षांनी जपानकडे आला तो कमिनागाच्या पोराच्या हातून. हाच उएमुरा पुढे कोदोकानचा अध्यक्ष झाला. कमिनागा १९९३ ला गेला, वय फक्त ५६.

आणि स्निग्धाताई, जपानीतही गीसिंक नाही हं. इथे त्याला 'हेशिंकू' म्हणतात. डच उच्चाराच्या जवळ तेच गेले, आपण इंग्रजी स्पेलिंग वाचत बसलो.

निळू फुलपाखरे

ओसाकाकर, हे माहीत नव्हतं. धागा वसूल. वाचनखूण साठवली.

कागलकर वस्ताद

काल तालमीत भगवी पकड लावून बघितली. पोरगं ऐंशी किलोचं, मी आता नव्वद. तीस न्हाई, पंधरा मोजस्तवर हार मानून हातानं थाप मारली त्यानं. मग म्हनला, वस्ताद आता मी लावतो. मी बी पूल टाकाय गेलो. न्हाई जमला ओ.

तांबडी माती

वस्ताद, मानेला जपा!

संपादक मंडळाला विनंती: शीर्षकात 'गीसिंक'चं 'खेसिंक' करता आलं तर करावं. मजकुरात मात्र 'गीसिंक'च राहू द्या, आप्पा तसंच म्हणायचे.